क्रेमलिनची खुर्ची आणि ‘सलग’ हा शब्द

नववीच्या वर्गात राज्यशास्त्र शिकवताना आम्ही एक प्रश्न हमखास विचारतो. खुर्चीवर माणूस बसतो कसा, हे तुमच्या पुस्तकात आहे. उमेदवारी, प्रचार, मतदान, मोजणी, शपथविधी, सारे आहे. पण बसलेला माणूस उठतो कसा? मुले एकमेकांकडे पाहतात. कुणी म्हणते, हरला की उठतो. कुणी म्हणते, मुदत संपली की. गेल्या वर्षी मागच्या बाकावरच्या एका मुलीने उत्तर दिले, “उठवल्याशिवाय कोण उठतं?” वर्ग हसला, आम्हीही हसलो. पण घरी येईपर्यंत ते उत्तर डोक्यातून जाईना आणि आठवला तो २००८ सालचा रशिया.

तिथे एक माणूस स्वतःहून उठला होता. त्याची लोकप्रियता शिगेला पोहोचली होती. त्याच्या पाठीशी असलेल्या पक्षाकडे संसदेच्या कनिष्ठ सभागृहात, म्हणजे ड्यूमात, ४५० पैकी ३१५ जागा होत्या. राज्यघटना बदलून आणखी एक मुदत मिळवायची म्हटली असती तर अडवणारे फारसे कोणी नव्हते. तरी व्लादिमिर पुतिन उठले, दुसऱ्याला बसवले आणि सगळे कायद्याप्रमाणे पार पडले. कायद्याचा एक काना की मात्रा मोडली गेली नाही. वाचकहो, कायदा न मोडताही काय काय मोडता येते, ते या हकिकतीत दिसते. म्हणून ती जरा सविस्तर सांगावीशी वाटते.

आम्ही मूळचे भाषेचे शिक्षक. सकाळी उर्दू, दुपारी मराठी आणि माणूस कमी पडला की राज्यशास्त्र. त्यामुळे कायद्याच्या आधी कायद्यातल्या शब्दांकडे आमचे लक्ष जाते. रशियाची आजची राज्यघटना १२ डिसेंबर १९९३ रोजी सार्वमताने मंजूर झाली. तिच्या ८१व्या कलमाच्या तिसऱ्या खंडात एक लहानसे वाक्य होते. त्याचा आशय असा, की एकच व्यक्ती राष्ट्राध्यक्षाच्या पदावर सलग दोनपेक्षा अधिक मुदती राहू शकणार नाही. ‘सलग’साठी तिथे रशियन शब्द आहे ‘पद्र्याद’. उर्दूत आपण ‘लगातार’ म्हणू, जरा भारदस्त बोलायचे तर ‘मुसलसल’. मुदत तेव्हा चार वर्षांची होती, म्हणजे आठ वर्षे झाली की उठायचे.

आता हे वाक्य ‘सलग’ वगळून वाचून पाहा. दोन मुदती झाल्या की संपले, आयुष्यभरासाठी. ‘सलग’ शब्द परत जागेवर ठेवा. दार लोटलेले दिसते, पण कडी घातलेली नाही. चार वर्षे ओसरीवर थांबायचे आणि पुन्हा आत यायचे. एवढ्या मोठ्या देशाची पुढची अनेक वर्षे या एका शब्दाच्या आधाराने चालली.

या शब्दाचे महत्त्व कळायला रशियाचा जुना हिशेब थोडा पाहावा लागेल. खुर्चीवरून उठण्याची रीतच त्या देशात नव्हती. झारांचे राज्य १९१७ मध्ये क्रांतीत गेले. लेनिन १९२४ मध्ये, स्टालिन १९५३ मध्ये आणि ब्रेझनेव्ह १९८२ मध्ये सत्तेवर असतानाच वारले. ख्रुश्चेव्ह यांना १९६४ मध्ये त्यांच्याच सहकाऱ्यांनी बाजूला केले. गोर्बाचेव्ह यांनी २५ डिसेंबर १९९१ रोजी राजीनामा दिला खरा, पण ज्या देशाचे ते अध्यक्ष होते तो सोव्हिएत संघच तोवर उरला नव्हता.

मग आले बोरिस येल्त्सिन. ३१ डिसेंबर १९९९ रोजी, घरोघरी नववर्षाची तयारी चालू असताना ते दूरचित्रवाणीवर आले आणि आपण पद सोडत असल्याचे सांगितले. लोकांची जी स्वप्ने पुरी झाली नाहीत त्याबद्दल त्यांनी माफीही मागितली. सत्ताधाऱ्याने प्रजेची माफी मागावी, ही गोष्ट कुठेही विरळाच, आणि आमच्या मते तरी येल्त्सिन यांच्या खात्यावर ती जमा धरायला हवी. पण त्याच दिवशी दुसरेही काही घडले. घटनेप्रमाणे पंतप्रधान पुतिन हंगामी राष्ट्राध्यक्ष झाले आणि त्यांनी अगदी सुरुवातीलाच जो हुकूम काढला तो माजी राष्ट्राध्यक्ष आणि त्यांच्या कुटुंबाला संरक्षण व हमी देणारा होता. निवडणूक जूनमध्ये व्हायची होती. राजीनाम्यामुळे ती तीन महिन्यांत घेणे भाग पडले आणि विरोधकांना तयारीला वेळ उरला नाही. २६ मार्च २००० रोजी पुतिन ५२.९४ टक्के मतांनी निवडून आले. ७ मे रोजी क्रेमलिनमध्ये शपथविधी झाला तेव्हा येल्त्सिन तिथे हजर होते. एका निवडून आलेल्या प्रमुखाने दुसऱ्याच्या हाती राज्य शांतपणे सोपवावे, असे रशियात प्रथमच घडत होते. तेव्हापासून ७ मे ही तारीख त्या देशात जणू मुक्रर झाली आहे.

२००४ मध्ये पुतिन ७१.३१ टक्के मतांनी पुन्हा आले. म्हणजे २००८ च्या ७ मे रोजी त्यांची दुसरी मुदत संपणार होती. ‘सलग’चा पहारा तिथे उभा होता.

वारस कोण, याची चर्चा दोन वर्षे चालली. दोन पहिले उपपंतप्रधान शर्यतीत मानले जात. एक सेर्गेई इवानोव, संरक्षण खाते सांभाळलेले. दुसरे दिमित्री मेदवेदेव, वयाने बेचाळीस, कायद्याचे पदवीधर, गाझप्रोम या सरकारी वायू कंपनीच्या संचालक मंडळाचे अध्यक्ष. राजकारणात येण्यापूर्वी आणि नंतरही काही वर्षे ते पीटर्सबर्गच्या विद्यापीठात दिवाणी कायदा शिकवत आणि त्या विषयाच्या एका नावाजलेल्या पाठ्यपुस्तकाचे सहलेखक होते. म्हणजे आमच्याच पेशातला माणूस. खरे सांगायचे तर तेव्हा या एकाच कारणासाठी आमच्या मनात त्यांच्याविषयी थोडे ममत्व होते.

१० डिसेंबर २००७ रोजी चार पक्षांनी मेदवेदेव यांचे नाव सुचवले आणि पुतिन यांनी लगेच पसंती दिली. दुसऱ्याच दिवशी मेदवेदेव यांनी जाहीर केले की आपण निवडून आलो तर पुतिन यांनी पंतप्रधान व्हावे. आठवडाभरात पुतिन यांनी तेही मान्य केले. मतदानाला अजून अडीच महिने होते. उमेदवारांची अधिकृत यादीही ठरायची होती. पण घरातली सून ठरावी आणि मग मुलाला विचारावे, तसा प्रकार झाला होता.

रशियन लोकांना विनोदाची मोठी हौस, विशेषतः जे उघड बोलता येत नाही त्याबद्दल. त्या दिवसांत तिथे सांगितला जाणारा एक किस्सा मराठीत आणखी रंगतो. पुतिन आणि मेदवेदेव हॉटेलात जेवायला बसतात. पुतिन म्हणतात, “मला मांस आणा.” वेटर विचारतो, “आणि भाजी?” पुतिन शेजारी पाहून म्हणतात, “भाजीही मांसच खाईल.”

आता निवडणुकीकडे येऊ. ड्यूमात नसलेल्या पक्षाच्या किंवा अपक्ष उमेदवाराला वीस लाख सह्या गोळा करून द्याव्या लागत. मिखाईल कास्यानोव हे २००० ते २००४ या काळात पुतिन यांचेच पंतप्रधान होते. नंतर ते विरोधात गेले. त्यांनी सह्या दिल्या, पण त्यांतल्या तेरा टक्क्यांहून अधिक अग्राह्य आहेत असे सांगून आयोगाने अर्ज फेटाळला. बुद्धिबळाचे माजी जगज्जेते गॅरी कास्पारोव यांची अडचण आणखी वेगळी. नामांकनासाठी कायद्याने पाचशे समर्थकांची सभा घ्यावी लागते आणि एवढी माणसे मावतील असे सभागृह मॉस्कोत त्यांना भाड्याने मिळेना. ज्याने जगाला पटावर मात दिली तो दिवाणखान्याअभावी बाद झाला. बोरिस नेमत्सोव यांनी आधीच माघार घेतली. आणि आंद्रेई बोग्दानोव नावाच्या एका फारशा परिचित नसलेल्या गृहस्थांच्या वीस लाख सह्या मात्र ग्राह्य ठरल्या. त्यांच्या पक्षाला तीनच महिन्यांपूर्वीच्या ड्यूमा निवडणुकीत साऱ्या देशात मिळून नव्वद हजारसुद्धा मते मिळाली नव्हती! मते देणारे नव्वद हजार आणि सह्या देणारे वीस लाख. गणित शिकवणाऱ्या आमच्या सहकाऱ्यांना हे उदाहरण देऊन पाहिले, ते नुसते हसले.

सह्यांचा विषय निघालाच आहे तर त्याच हिवाळ्यातल्या आणखी काही सह्यांची हकिकत इथेच सांगितली पाहिजे. आमच्या दृष्टीने या साऱ्या प्रकरणातला सर्वांत मोलाचा भाग तोच आहे.

काकेशस पर्वताच्या उत्तर उतारावर इंगुशेतिया नावाचे रशियाचे एक चिमुकले प्रजासत्ताक आहे. इंगुश लोक मुसलमान आहेत. फेब्रुवारी १९४४ मध्ये स्टालिनने चेचेन लोकांबरोबर या साऱ्या जमातीला आगगाड्यांत कोंबून मध्य आशियात हद्दपार केले होते. परत यायला तेरा वर्षे लागली. अशा लोकांना सरकारी कागदाची ताकद काय असते हे कुणी शिकवायला नको. २ डिसेंबर २००७ च्या ड्यूमा निवडणुकीत या प्रजासत्ताकात सुमारे ९८ टक्के मतदान झाले आणि त्यातली जवळपास सगळी मते सत्ताधारी पक्षाला पडली, असा अधिकृत आकडा आला.

आम्ही निवडणुकीचे काम केले आहे. केंद्राध्यक्ष म्हणून रात्री बारापर्यंत बसून हिशेबाचे नमुने भरले आहेत. शंभरातले अठ्ठ्याण्णव मतदार केंद्रावर येतात हे आम्हाला कुणी सांगितले तर आम्ही आधी विचारू, की गावातले आजारी कुठे गेले? लग्नाला बाहेरगावी गेलेले, नोकरीसाठी परगावी असलेले, गेल्या महिन्यात वारलेले पण यादीत राहून गेलेले, ते सगळे आले का?

इंगुश लोकांनी नेमके हेच विचारले, आणि विचारण्याची रीत मोठी साधी शोधली. मोर्चा नाही, दगडफेक नाही. एक छापील निवेदन तयार झाले, ‘मी मतदान केलेले नाही’. खाली स्वतःचे नाव आणि सही. मागोमेद येवलोयेव हे पेशाने वकील. ते इंगुशेतियाच्या बातम्या देणारे एक संकेतस्थळ चालवत आणि या मोहिमेमागे त्यांचा मोठा वाटा होता. जानेवारी २००८ पर्यंत ८७ हजारांहून अधिक लोकांनी या निवेदनावर सह्या केल्या. प्रजासत्ताकातल्या एकूण मतदारांपैकी ही संख्या निम्म्याहून जास्त होती. अठ्ठ्याण्णव टक्के लोक मतदानाला आले होते आणि निम्म्याहून जास्त आले नव्हते! दोन्ही एकाच वेळी खरे असू शकत नाही, हे चौथीतल्या मुलालाही कळेल.

इथे थोडे थांबावेसे वाटते. ज्या ठिकाणी सरकार नाराज झाले तर माणूस घरातून उचलला जाऊ शकतो, अशा ठिकाणी स्वतःच्या नावाने ‘मी गेलो नाही’ असे लिहून देणे म्हणजे काय, याची कल्पना करून पाहा. घरात म्हातारी आई असेल, लहान मुले असतील. बायकोने विचारले असेल, तुमच्या एकट्याच्या सहीने काय होणार? तरी ८७ हजार जणांनी कलम उचलली.

या सह्यांनी निकाल बदलला नाही. २६ जानेवारीला नझरान शहरात निषेध सभा भरणार होती, ती पोलिसांनी उधळली, बातमीदारांना पकडले. आणि २ मार्चच्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत इंगुशेतियाचे मतदान पुन्हा नव्वद टक्क्यांच्या वरच निघाले. मेदवेदेव यांना तिथे मिळालेली मतेही नव्वद टक्क्यांच्या वर.

देशभराचा आकडा त्या मानाने मवाळ होता. मेदवेदेव ७०.२८ टक्के, म्हणजे सुमारे सव्वापाच कोटी मते. कम्युनिस्ट पक्षाचे गेन्नादी झ्युगानोव १७.७२ टक्के, व्लादिमिर झिरिनोव्स्की ९.३५ टक्के आणि वीस लाख सह्यांचे धनी बोग्दानोव १.३० टक्के. मेदवेदेव यांनी दूरचित्रवाणीवरच्या वादविवादांत भागच घेतला नव्हता. त्याची गरजही नव्हती. दररोजच्या बातम्यांत ते होतेच. युरोपातल्या सुरक्षा व सहकार्य संघटनेच्या निवडणूक विभागाने, रशियाने घातलेल्या अटींमुळे नीट काम करता येणार नाही असे सांगून, निरीक्षक पाठवलेच नाहीत. युरोप परिषदेच्या संसदीय सभेचे निरीक्षक गेले. त्यांचे मत असे पडले, की निकालात लोकांची इच्छा दिसते, पण निवडणूक बरोबरीची झाली नाही. आम्हाला हे मत पटते. पुतिन खरोखरच लोकप्रिय होते. तेलाच्या वाढत्या भावांनी पगार आणि निवृत्तिवेतने वेळेवर मिळू लागली होती आणि नव्वदच्या दशकातली उपासमार लोक विसरले नव्हते. सरळ निवडणूक झाली असती तरी त्यांचा माणूस बहुधा निवडून आला असता. मग सभागृह नाकारायचे कशाला? हा प्रश्न आम्हाला आजही छळतो. ज्याला पास व्हायचे नक्की आहे असा विद्यार्थी कॉपी करताना सापडला की जसे वाटते, तसे वाटते.

२ मार्चच्या रात्री रेड स्क्वेअरवर गाण्याचा कार्यक्रम चालू होता. तिथे पुतिन आणि मेदवेदेव दोघे शेजारी शेजारी चालत आले. मेदवेदेव जीन्स आणि चामड्याच्या जाकिटात. गर्दीने जल्लोष केला. हे छायाचित्र त्या वेळी आपल्याकडच्या वर्तमानपत्रांतही छापून आले होते.

निवडणूक ते शपथविधी यांत ६६ दिवस होते. सत्तेच्या हस्तांतराचा खरा अभ्यास करायचा तर हे मधले दिवस पाहावेत. बहुतेक देशांत या काळात जाणारा आवराआवर करतो आणि येणारा माणसे जमवतो. मॉस्कोत जाणाराच माणसे जमवत होता. १५ एप्रिलला पुतिन यांनी सत्ताधारी ‘संयुक्त रशिया’ पक्षाचे अध्यक्षपद स्वीकारले, आणि गंमत अशी की पक्षाचे सभासद न होता. त्यामुळे ड्यूमातले ते ३१५ जण पंतप्रधानांच्या पंखाखाली राहणार हे पक्के झाले. त्यापूर्वी फेब्रुवारीत साडेचार तासांहून लांबलेल्या पत्रकार परिषदेत त्यांना कुणी विचारले होते, की पंतप्रधान झाल्यावर कचेरीत नव्या राष्ट्राध्यक्षांची तसबीर लावणार का? रशियात हा रिवाज आहे, आपल्याकडच्या सरकारी कचेऱ्यांतल्या भिंती आठवा. त्यांनी सांगितले की मेदवेदेव यांच्याशी नाते राखायला आपल्याला तसबिरीसमोर वाकण्याची गरज नाही. सरळ मनाने घेतले तर हे दोस्तीचे बोलणे होते. पण ज्याला अर्थ घ्यायचा होता त्या प्रत्येक अधिकाऱ्याने तो घेतला असणार.

आणि कागद काय म्हणत होता? रशियन घटनेप्रमाणे सैन्याचा सरसेनापती राष्ट्राध्यक्ष. परराष्ट्र धोरण ठरवणार राष्ट्राध्यक्ष. पंतप्रधानाला, साऱ्या मंत्रिमंडळासकट, एका हुकुमाने घरी पाठवण्याचा अधिकारही राष्ट्राध्यक्षाचाच. म्हणजे ७ मेच्या दुपारनंतर मेदवेदेव यांना पुतिन यांची छुट्टी करता आली असती. कायद्याच्या त्या प्राध्यापकाला हे कलम तोंडपाठ असणार.

त्यांच्या भाषणांत तेव्हा आशेला जागा होती, हे मान्य केले पाहिजे. फेब्रुवारीत क्रास्नोयार्स्क इथे त्यांनी सांगितले होते, की स्वातंत्र्य नसण्यापेक्षा असणे बरे. वाक्य इतके साधे की हसू यावे, पण ते क्रेमलिनच्या उमेदवाराने उच्चारले म्हणून दूरवर चर्चिले गेले. आपल्या देशात कायद्याविषयी आदरच उरलेला नाही, अशी तक्रारही ते करत. कित्येक विचारी माणसांनी या माणसावर भरवसा टाकला. आम्ही त्यांना भोळे म्हणणार नाही, कारण लांबून वर्तमानपत्र वाचणाऱ्या आम्हालाही तेव्हा तसेच वाटले होते.

७ मे २००८. क्रेमलिनच्या मोठ्या राजवाड्यातील सोनेरी दालने पाहुण्यांनी भरली होती. मेदवेदेव लाल गालिच्यावरून एकेक दालन ओलांडत सेंट अँड्र्यूच्या दालनात आले. झारांच्या काळात हे सिंहासनाचे दालन होते. पुतिन आधीच तिथे होते आणि ते आधी बोलले. मग घटनेची लाल चामड्यात बांधलेली खास प्रत समोर आली. तिच्यावर उजवा हात ठेवून मेदवेदेव यांनी शपथ घेतली. शपथ रशियन भाषेत अवघ्या ३३ शब्दांची आहे. माणसाचे आणि नागरिकाचे हक्क जपणे, घटना पाळणे आणि तिचे रक्षण करणे, देशाचे सार्वभौमत्व राखणे, लोकांची इमानाने सेवा करणे, एवढेच तिच्यात आहे. घटनेचे ९२वे कलम सांगते की जुन्या राष्ट्राध्यक्षाचा अधिकार नव्याच्या शपथेच्या क्षणी संपतो. म्हणजे तेहेतिसावा शब्द उच्चारला गेला आणि पुतिन सामान्य नागरिक झाले. घटना न्यायालयाचे अध्यक्ष वालेरी झोर्किन यांनी मेदवेदेव पदावर आल्याची घोषणा केली, राष्ट्रगीत झाले, तोफा झडल्या. अण्वस्त्रांचा हुकूम देण्याची यंत्रणा असलेली पेटीही नव्या धन्याकडे गेली.

आम्ही हक्काने सांगतो, सत्तांतराचा विधी म्हणून यात खोट काढता येणार नाही. ज्या देशात राज्यकर्ता मृत्यूने किंवा कटाने जात असे, तिथे तो ठरल्या दिवशी, ठरल्या वेळी, पाहुण्यांसमोर बाजूला झाला. हे लहान नव्हते.

सामान्य नागरिक म्हणून पुतिन यांना एकच दिवस काढावा लागला. त्याच दुपारी मेदवेदेव यांनी पंतप्रधानपदासाठी त्यांचे नाव ड्यूमाकडे पाठवले. ८ मे रोजी ३९२ विरुद्ध ५६ मतांनी ते मंजूर झाले. विरोधात फक्त कम्युनिस्ट. ९ मे रोजी विजय दिनाच्या संचलनात सोव्हिएत काळानंतर प्रथमच रेड स्क्वेअरवरून रणगाडे आणि क्षेपणास्त्रे गेली आणि दोघे पुन्हा शेजारी शेजारी उभे होते.

पुढचे थोडक्यात सांगतो. ३१ ऑगस्ट २००८ रोजी मागोमेद येवलोयेव मॉस्कोहून विमानाने इंगुशेतियाला परतले. त्याच विमानात प्रजासत्ताकाचे अध्यक्ष मुरात झ्याझिकोव होते, ज्यांच्या कारभाराविरुद्ध येवलोयेव लिहीत असत. विमानतळावर पोलिसांनी येवलोयेव यांना गाडीत घातले आणि गाडीतच त्यांच्या डोक्यात गोळी लागली. गोळी चुकून सुटली असे अधिकाऱ्यांनी सांगितले. पुढे एका पोलिसाला निष्काळजीपणाबद्दल दोन वर्षांची शिक्षा झाली. घरच्यांनी आणि त्यांच्या सोबत्यांनी ही कहाणी कधीच मानली नाही. त्याच ऑक्टोबरच्या अखेरीस मेदवेदेव यांनी झ्याझिकोव यांना दूर करून युनुस-बेक येवकुरोव यांना नेमले, तेव्हा इंगुश लोक रस्त्यांवर आनंदाने उतरले. ८७ हजार सह्यांचा यात किती वाटा होता हे कागदोपत्री सिद्ध करता येणार नाही. काही वाटा होता असे मात्र आम्हाला वाटते.

२००८ संपता संपता मेदवेदेव यांनी घटनादुरुस्तीवर सही केली. पुढच्या राष्ट्राध्यक्षाची मुदत चारऐवजी सहा वर्षांची झाली. कोणासाठी, हे तेव्हा कुणी अधिकृतपणे सांगितले नाही. ते कळले २४ सप्टेंबर २०११ रोजी. पक्षाच्या अधिवेशनात मेदवेदेव यांनी व्यासपीठावरून पुढचा उमेदवार म्हणून पुतिन यांचे नाव सुचवले, आणि पुतिन यांनी सांगून टाकले की कोणी काय करायचे हे दोघांत काही वर्षांपूर्वीच ठरले होते. हजारो प्रतिनिधींनी टाळ्या वाजवल्या. ज्यांनी २००८ मध्ये मेदवेदेव यांना मत दिले होते त्या सव्वापाच कोटी लोकांना, आपण एका आधीच ठरलेल्या बोलीला साक्षीदार म्हणून अंगठा दिला होता, हे त्या दिवशी समजले. डिसेंबरच्या कडाक्याच्या थंडीत मॉस्कोत जी प्रचंड गर्दी निषेधाला उतरली, तिच्या रागामागे ड्यूमा निवडणुकीतले गैरप्रकार होते आणि हा अपमानही होता. ४ मार्च २०१२ रोजी पुतिन ६३.६० टक्के मतांनी निवडून आले, ७ मे रोजी त्यांनी शपथ घेतली आणि ८ मे रोजी मेदवेदेव पंतप्रधान झाले. ते त्या पदावर जानेवारी २०२० पर्यंत राहिले. ‘सलग’चे पालन अक्षरशः झाले होते.

२०१८ मध्ये पुन्हा निवडणूक, पुन्हा ७ मे. मग २०२४ ला परत तीच अडचण उभी राहणार होती. या वेळी कुणाला मधल्या काळापुरते बसवण्याची दगदग करण्यात आली नाही. २०२० च्या घटनादुरुस्तीत ८१व्या कलमातून ‘पद्र्याद’ हा शब्दच काढून टाकला. आम्ही वर म्हटल्याप्रमाणे शब्द काढला की वाक्य कडक होते. आयुष्यात दोनच मुदती, मध्ये खंड घेतला तरी. वाचणाऱ्याला वाटावे, वा! पण त्याच कलमात एक नवा मजकूर जोडला गेला, की ही दुरुस्ती लागू होण्यापूर्वीच्या मुदती मोजायच्या नाहीत. ही सूचना ड्यूमात मांडली ती अंतराळात गेलेल्या जगातल्या पहिल्या महिला वालेंतिना तेरेश्कोवा यांनी, १० मार्च २०२० रोजी. १ जुलैला संपलेल्या देशव्यापी मतदानात दुरुस्ती मंजूर झाली.

वर्गात हे सारे सांगून झाल्यावर मागच्या बाकावरच्या त्या मुलीने फळ्यावर लिहिलेली वर्षे वहीत उतरवून घेतली आणि बोटांवर हिशेब सुरू केला. २०००, २००४, २०१२, २०१८, २०२४. “म्हणजे पाच वेळा झाले, पण मोजायची एकच?” आम्ही म्हटले, हो. ८७.२८ टक्के मते घेऊन ७ मे २०२४ रोजी त्याच दालनात घेतलेली शपथ नव्या मोजणीप्रमाणे पहिलीच आहे. तिची मुदत २०३० पर्यंत चालेल, आणि त्यानंतर आणखी एकदा उभे राहण्याची मुभा आहे.